इम्प्रोव्हच्या मंचावरून माहितीपटाकडे आणि कलावंतांच्या मागण्यांच्या पाठपुराव्याकडे : कामाचा क्रम

इम्प्रोव्ह, म्हणजे संहितेविना उत्स्फूर्त विनोद, करणारे जे कलाकार माझ्याकडे माहितीपटाविषयी विचारायला येतात, ते बहुधा आधी कॅमेरा घेतात, मग विषय शोधतात आणि सगळे चित्रीकरण उरकल्यावर ज्यांच्यावर चित्रपट केला त्यांना त्यांची संमती आणि सरकारदरबारी त्यांची काय मागणी आहे ते विचारतात. हा क्रम नेमका उलटा हवा. मंचावर तयारी न करण्याची तयारी केलेली असते आणि फसलेला प्रसंग त्याच रात्री विसरला जातो. माहितीपटात फसलेला प्रसंग दुसऱ्याच्या नावावर कायमचा राहतो. म्हणून खालील टप्पे शक्यतो याच क्रमाने घ्यावेत.

उदाहरणासाठी झाडीपट्टी, म्हणजे पूर्व विदर्भातील धानाचा पट्टा, येथील रंगभूमीवरील छोटा माहितीपट धरला आहे, कारण नागपूरहून उमरेड, नागभीड, ब्रह्मपुरी या रस्त्याने गडचिरोली जिल्ह्यातील वडशाला वारंवार जाणे परवडते आणि त्या कलावंतांचे प्रश्न कागदावर मांडता येण्याजोगे आहेत. विषय मारबतीच्या मिरवणुकीतले बडगे (पुतळे), खडीगंमत किंवा दंडार ही लोकनाट्ये किंवा शहरातल्याच एखाद्या नाट्यगटाची तालीम असला, तरी क्रम बदलत नाही.

१. मंचावरच्या सवयी आधी तपासा

समोरच्याने जे दिले ते स्वीकारायचे आणि त्यात आपली भर घालायची, हा इम्प्रोव्हचा पहिला नियम आहे. मुलाखतीत त्यातला ‘स्वीकारणे’ हा भाग फार उपयोगी पडतो. ‘भर घालणे’ हा भाग मुलाखत बिघडवतो. समोरचा कलावंत एखादी आठवण सांगता सांगता थांबला की आपण ती पूर्ण करून देतो, तिच्यावर कोटी करतो किंवा पुढचा प्रश्न टाकतो, आणि तो जे सांगणार होता ते राहूनच जाते. मंचावर तीन सेकंदांची शांतता पडली की घाम फुटतो; येथे सात-आठ सेकंद गप्प बसता आले पाहिजे.

घरातल्या किंवा शेजारच्या एखाद्या ज्येष्ठ व्यक्तीशी, तिला सांगून, वीस मिनिटे बोला आणि फोनवर ध्वनिमुद्रण करा. नंतर ते ऐकताना आपला आवाज कितीदा आला आणि आपल्या किती प्रश्नांना नुसते ‘हो’ किंवा ‘नाही’ असे उत्तर मिळाले, एवढेच मोजा. माझ्या पहिल्या मुलाखतीत मी प्रत्येक वाक्यावर ‘वा’, ‘बरोबर’, ‘हो ना’ म्हणत होतो. चाळीस मिनिटांत माझ्या आवाजाविना सलग अर्धे मिनिटही सापडले नाही आणि ती मुलाखत टाकून द्यावी लागली. दाद द्यायचीच असेल तर मान हलवून द्यावी.

दुसरी सवय नकलेची. झाडीबोली किंवा वऱ्हाडी हेल आपल्याला चांगला जमतो म्हणून गप्पांत तो आणू नका. नागपूरच्या प्रेक्षागृहात त्यावर टाळ्या मिळतात, पण तीच बोली ज्याची रोजची आहे त्याला आपली टिंगल चालली आहे असे वाटते आणि तो तत्काळ शाळेतली मराठी बोलू लागतो. मग चित्रपटभर ती अवघडलेली भाषा ऐकत बसावे लागते.

*तपासणी :* वीस मिनिटांच्या सरावात आपला आवाज दहापेक्षा अधिक वेळा आला असेल, तर पुढच्या टप्प्याकडे जाण्याआधी तो सराव आणखी दोघा व्यक्तींबरोबर करा.

२. कॅमेऱ्याविना तीन फेऱ्या

झाडीपट्टीचा हंगाम साधारणपणे दिवाळीनंतर मंडयांबरोबर (गावोगावच्या जत्रांबरोबर) सुरू होतो आणि होळीच्या सुमारास ओसरतो. हंगाम सुरू झाल्यावर विषय ठरवायला निघालेला माणूस त्या वर्षापुरता उशिरा निघालेला असतो, हे आधी लक्षात घ्यावे.

पहिली फेरी दसऱ्याच्या आसपास वडशाला करावी. तेथे नाट्यमंडळांची कार्यालये आहेत आणि गावोगावचे आयोजक तेथे येऊन प्रयोग ठरवतात. तारीख कशी ठरते, बिदागीची बोलणी कोण करते, कोणत्या कलावंताच्या नावावर गाव अडून बसते, हे कोपऱ्यात बसून ऐकावे. दुसऱ्या फेरीत एक प्रयोग रात्री पहिल्या घंटेपासून पहाटेपर्यंत प्रेक्षकांत बसून पाहावा. मंचामागे जाण्याचा मोह टाळावा. तिसरी फेरी दिवसाची असावी. रात्री राजा झालेला माणूस दुसऱ्या दिवशी धानाच्या बांधीवर असू शकतो, आणि चित्रपट बहुधा या दोन ठिकाणांच्या मधल्या जागेत असतो.

तिन्ही फेऱ्यांनंतर एक पान लिहावे. त्यात कोणावर चित्रपट आहे, त्या व्यक्तीला या हंगामात काय हवे आहे, ते मिळण्यात काय आडवे येते आणि कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्षात काय घडणार आहे, एवढेच असावे. पानावर ‘लोप पावत चाललेली कला’ असे शब्द आले असतील तर ते फाडून पुन्हा लिहावे. तिकीट काढून रात्रभर बसणारा प्रेक्षक ज्या रंगभूमीला आहे तिला लोप पावणारी म्हणणे चूक आहे, आणि त्या शब्दांमुळे आपण न पाहताच निष्कर्ष काढल्याचे कळते.

३. चार वेगवेगळ्या संमत्या

सर्वांत जास्त चुका येथे होतात, म्हणून हा टप्पा सविस्तर देत आहे. ‘त्यांनी हो म्हटले होते’ ही संमती नव्हे, कारण एका प्रयोगाच्या चित्रीकरणात निदान चार स्वतंत्र हक्क गुंतलेले असतात.

पहिली संमती व्यक्तीची. मुलाखत कशासाठी आहे, चित्रपट कोठे दाखवला जाईल, तो इंटरनेटवर टाकला जाईल का आणि पैसे मिळणार की नाहीत, हे मराठीत लिहून ते मोठ्याने वाचून दाखवावे. सही किंवा अंगठा घ्यावा आणि त्या कागदाची एक प्रत त्यांच्याकडे ठेवावी. अल्पवयीन कलाकार असेल तर पालकांची सही लागते.

दुसरी संमती सादरीकरणाची. प्रतिलिप्यधिकार कायदा, १९५७ यातील कलम ३८ ते ३८-ब सादरकर्त्याचे हक्क सांगतात. कलावंताने लेखी कराराने आपले सादरीकरण चित्रपटात घेऊ दिले, की एरवी वेगळे ठरले नसल्यास निर्मात्याच्या त्या चित्रपटातील वापराला तो हरकत घेऊ शकत नाही; मात्र व्यावसायिक वापर झाल्यास स्वामित्वधनाचा (रॉयल्टीचा) हक्क त्याच्याकडे राहतो. शिवाय सादरकर्ता म्हणून आपले नाव यावे आणि आपल्या प्रतिष्ठेला बाध येईल अशी मोडतोड होऊ नये, हे नैतिक हक्क त्याला कलम ३८-ब ने दिले आहेत. विनोदी संकलनाची सवय असलेल्याने हे शेवटचे वाक्य दोनदा वाचावे.

तिसरी संमती नाटककाराची. मंडळाच्या मालकाने प्रयोग चित्रित करू दिला म्हणजे लेखकाने संहिता वापरू दिली असे होत नाही. चौथी संगीताची, आणि येथे नवखे हमखास अडकतात. प्रयोगाआधी ध्वनिक्षेपकावर लागलेले हिंदी गाणे आपल्या दृश्यात मागे ऐकू आले, की त्याचा प्रश्न उभा राहतो. सार्वजनिक वादनाचा परवाना वेगळा आणि तेच गाणे चित्रपटात वापरण्याचा परवाना वेगळा. दुसरा संगीत कंपनीकडून घ्यावा लागतो आणि छोट्या माहितीपटाला तो सहसा परवडत नाही. अशा वेळी कॅमेरा चालू ठेवण्यापेक्षा गाणे संपेपर्यंत चहा घेणे बरे.

पैशांविषयी माझे मत असे आहे की उत्तरासाठी पैसे देऊ नयेत, पण बुडालेली मजुरी आणि प्रवासखर्च जरूर द्यावा आणि तो कागदावर लिहावा.

*इशारा :* चित्रपटासाठी दिलेली संमती मोर्चासाठी, निवेदनासाठी किंवा प्रचाराच्या चित्रफितीसाठी आपोआप लागू होत नाही. संमतीपत्रात त्यासाठी वेगळी ओळ ठेवा आणि तिच्यापुढे ‘होय’ किंवा ‘नाही’ असे त्यांनाच लिहू द्या.

४. साहित्य : आधी आवाज, मग चित्र

सगळे पैसे कॅमेऱ्यावर घालून आवाज कॅमेऱ्यावरच्या माइकवर सोडणे, ही चूक मी इतक्या जणांना करताना पाहिली आहे की आता यादीच उलटी देतो. आधी एक स्वतंत्र ध्वनिमुद्रक, दोन कॉलर माइक आणि चांगला हेडफोन घ्या. उरलेल्या पैशांत जो कॅमेरा बसेल तो चालेल.

ध्वनिमुद्रण ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर ठेवावे आणि बोलण्याची पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास असावी. झाडीपट्टीच्या प्रयोगात भोंगे मोठे असतात आणि लावणीला आवाज एकदम चढतो, त्यामुळे ध्वनिव्यवस्थेच्या मिक्सरमधून एक तार घ्यावी आणि प्रेक्षकांतला आवाज स्वतःच्या माइकवर वेगळा घ्यावा. सोय असल्यास तोच आवाज आणखी खालच्या पातळीवर दुसऱ्या ट्रॅकवरही घ्यावा. फाटलेला आवाज नंतर कोणालाही शिवता येत नाही.

चित्रासाठी सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर एकपन्नासांश सेकंद ठेवावे. आपल्याकडील वीज ५० हर्ट्झची असल्याने ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी दिव्यांखाली लुकलुक कमी होते. पूर्ण जाईलच असे नाही, म्हणून सुरुवातीला दहा सेकंद घेऊन पाहावे. सेकंदाला १०० मेगाबिटच्या दराने एका तासाच्या चित्रीकरणाला सुमारे ४५ जीबी जागा लागते. पहाटेपर्यंतच्या प्रयोगाला किती कार्ड लागतील हा हिशेब नागपुरातच करावा, कारण रात्री दोन वाजता खेड्यात कार्ड मिळत नाही. हिवाळ्यात बॅटरी लवकर उतरते आणि दव पडले की लेन्सवर धुके बसते. सुती कापड आणि जादा बॅटऱ्या खिशात, अंगाच्या उबेत, ठेवाव्यात.

उन्हाळ्यात शहरात मुलाखत घ्यायची असेल तर वेगळीच अडचण येते. कूलर चालू असेल तर आवाज कामातून जातो, आणि मे महिन्यात कूलर बंद करून सत्तरीच्या माणसाला खोलीत बसवणे हे निव्वळ क्रौर्य आहे. सकाळी सात ते नऊ ही वेळ मागून घ्यावी. दुपारी चित्रीकरण ठेवूच नये.

ड्रोनचा विचार पहिल्या चित्रपटात सोडून द्यावा. त्याला नोंदणी, डिजिटल स्काय या सरकारी नकाशावरील उड्डाणाचे क्षेत्र आणि परवानगी हे सगळे लागते, आणि वरून दिसणारे गाव बहुतेक वेळा कोणतेही गाव असते.

५. चित्रीकरणाच्या दिवसाचा क्रम

१. पोहोचल्यावर पहिला अर्धा तास कॅमेरा पिशवीतच राहू द्या. मंडळाचा व्यवस्थापक, विजेचे आणि ध्वनीचे काम पाहणारा माणूस आणि गावातील आयोजक या तिघांना भेटून आपण कोठे उभे राहणार आहोत ते सांगा. तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकाच्या पुढे उभे राहायचे नाही, हे स्वतःलाही सांगा.

२. मंच, शामियाना, रिकाम्या खुर्च्या आणि रस्ता यांची रुंद दृश्ये उजेड असतानाच घ्या. रात्री ती मिळत नाहीत.

३. प्रत्येक ठिकाणचा नुसता आवाज, कोणी न बोलता, एक मिनिट घ्या. संकलनात दोन वाक्यांमधली फट भरायला तोच उपयोगी पडतो.

४. मग हातांचे काम टिपा. रंगमंचावरचा कलावंत कॅमेरा पाहताच अभिनय करू लागतो, आणि आपणही त्याच जातकुळीचे असल्याने त्याला नकळत उत्तेजन देतो. रंगभूषा करताना, नऊवारी नेसताना, पेटी उघडताना, हिशेब लिहिताना त्याचे लक्ष कामात असते. तेव्हा तो कॅमेरा विसरतो.

५. प्रयोगाच्या वेळी एकच कॅमेरा असेल तर मंचाइतकाच वेळ प्रेक्षकांना द्या. विनोदी माणसाला हशा कोठे येतो ते कळते, पण तो कोणाच्या चेहऱ्यावर आधी येतो हे येथे टिपायचे असते.

६. मुख्य मुलाखत सर्वांत शेवटी, शक्यतो दुसऱ्या दिवशी घ्या. प्रश्न ‘का’ ऐवजी ‘कसे’ आणि ‘त्या दिवशी काय झाले’ असे विचारा. आपला प्रश्न चित्रपटात राहणार नसल्याने पूर्ण वाक्यात उत्तर द्यावे, अशी विनंती सुरुवातीलाच करा.

मुलाखत झाल्यावर त्यांच्याकडील जुनी हस्तपत्रके, छायाचित्रे, प्रमाणपत्रे आणि कात्रणे यांची जागेवरच सपाट उजेडात छायाचित्रे घ्या आणि मूळ कागद त्यांच्याच हातात परत द्या. ‘नागपूरला नेऊन स्कॅन करून आणतो’ असे म्हणू नका. या कागदांचा दुसरा उपयोग शेवटच्या टप्प्यात येणार आहे.

६. त्याच रात्री

झोपण्याआधी कार्डांच्या दोन प्रती दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर घ्या, तिसरी नागपूरला पोहोचताच दुसऱ्या कोणाच्या घरी ठेवा, आणि तिन्ही प्रती उघडून पाहिल्याशिवाय कार्ड पुसू नका. फाइलच्या नावात तारीख, गाव आणि व्यक्ती घाला. दिवसाची टिपणे वहीत लिहा. सकाळी ती आठवत नाहीत.

७. संकलन : हशाच्या मागे जाऊ नका

सर्व मुलाखती शब्दशः उतरवून घ्याव्यात, त्याही बोलीतच. उतरवताना बोली ‘सुधारली’ तर पुढे सबटायटल्समध्येही तीच चूक जाते. कागदावर कात्री चालवून क्रम ठरल्यावरच संगणकावर बसावे. मी स्वतः मजकुराच्या पट्ट्या कापून जमिनीवर मांडतो; पद्धत जुनाट आहे, पण काम एका सकाळी उरकते.

विनोदी कलाकाराच्या पहिल्या रफ कटमध्ये, म्हणजे कच्च्या संकलनात, एक दोष जवळजवळ नेहमी सापडतो. प्रत्येक प्रसंग हशावर संपतो. मंचावर दिवे मालवायची ती योग्य वेळ असते. चित्रपटात तसे सलग झाले की समोरची माणसे माणसे न राहता किस्से होतात. शिवाय मंचावरचा जोडीदार हास्यास्पद व्हायला तयार होऊन आलेला असतो, आणि मुलाखत देणारा तसा आलेला नसतो. एखाद्या दृश्याविषयी शंका असेल तर तो कलावंत शेजारी बसला आहे असे समजून ते पाहावे. हात आपोआप पॉझच्या कळीकडे गेला तर ते दृश्य काढावे.

रफ कट तयार झाला की तो संबंधितांना त्यांच्या घरी जाऊन दाखवा. तथ्याची चूक, कुटुंबाला त्रास होईल असा उल्लेख आणि नावाचे चुकीचे लेखन या तीन बाबी त्यांच्या सांगण्यावरून बदला. बाकी संकलनाचा निर्णय आपला आहे, आणि हे त्यांना आधीच सांगितलेले असावे.

८. प्रमाणपत्र आणि पहिला खेळ

सिनेमॅटोग्राफ कायदा, १९५२ नुसार सार्वजनिक प्रदर्शनाआधी केंद्रीय चित्रपट प्रमाणन मंडळाचे प्रमाणपत्र लागते, आणि माहितीपटाला त्यातून सूट नाही. अर्ज ई-सिनेप्रमाण संकेतस्थळावरून करता येतो. महोत्सवातील खेळासाठी केंद्र सरकारकडून वेगळी सूट मिळते, पण ती त्या महोत्सवापुरतीच असते. ती मिळाली म्हणून नागपुरात सभागृह घेऊन तिकीट लावून खेळ करता येत नाही.

उत्साहाच्या भरात चित्रपट आधी यूट्यूबवर टाकू नका. अनेक महोत्सव आधी प्रदर्शित झालेला चित्रपट घेत नाहीत. मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनचा असून तो दर दोन वर्षांनी होतो. त्याचे नियम व तारखा पाहून मगच बाकीचे वेळापत्रक आखावे. पहिला खेळ मात्र, माझ्या मते, चित्रीकरण झालेल्या गावातल्या लोकांसमोर व्हावा, आणि प्रमाणपत्राचे काम त्या दृष्टीने वेळेत करावे.

९. कलावंतांच्या मागण्यांचा पाठपुरावा : एक मागणी, एक कार्यालय

चित्रपट दाखवून झाला की चर्चेत दहा मागण्या पुढे येतात आणि एकही पुढे जात नाही. म्हणून एकच मागणी निवडावी, आणि ती मान्य करण्याचा अधिकार ज्या कार्यालयाला आहे तेथेच ती द्यावी. सभागृहाचे भाडे महानगरपालिकेच्या अखत्यारीत असेल तर त्यासाठी मंत्र्यांना निवेदन देऊन छायाचित्र मिळते, भाडे कमी होत नाही.

झाडीपट्टीच्या उदाहरणात ज्येष्ठ कलावंतांच्या मानधनाचा प्रश्न हाती घेता येतो. राज्याची ज्येष्ठ साहित्यिक व कलावंतांसाठीची मानधन योजना आहे, पण अर्जासोबत कलेतील कामाचे पुरावे जोडावे लागतात आणि आयुष्यभर काम केलेल्या माणसाकडे नेमके तेच नसतात. पाचव्या टप्प्यात घेतलेली हस्तपत्रकांची छायाचित्रे येथे कामी येतात. ती तारीखवार लावून, प्रत्येकाखाली गाव व भूमिका लिहून, त्यांची छापील प्रत कलावंताला द्यावी; चित्रपटापेक्षा त्या प्रतीचा उपयोग कदाचित अधिक होईल.

मागणीसाठी आकडे हवेत तर माहितीच्या अधिकाराखाली अर्ज करावा. शुल्क १० रुपये आहे आणि उत्तराची मुदत ३० दिवसांची आहे. महाराष्ट्राच्या नियमांनुसार एका अर्जात एकच विषय आणि साधारण १५० शब्द, ही मर्यादा पाळावी. ‘कलावंतांसाठी काय केले?’ असा प्रश्न विचारू नये. ‘अमुक आर्थिक वर्षात अमुक जिल्ह्यात आलेले, मंजूर झालेले व नामंजूर झालेले अर्ज किती आणि नामंजुरीची कारणे कोणती’ असे विचारावे. उत्तर आले नाही किंवा अपुरे आले तर ३० दिवसांच्या आत प्रथम अपील करावे.

नागपूरकरांना हिवाळी अधिवेशनाची सोय आहे, पण तिचा वापर चुकीच्या महिन्यात होतो. अधिवेशन बहुधा डिसेंबरमध्ये भरते आणि तारांकित प्रश्नाची (ज्याला मंत्री सभागृहात तोंडी उत्तर देतात त्या प्रश्नाची) सूचना कित्येक आठवडे आधी द्यावी लागते, त्यामुळे अधिवेशन सुरू झाल्यावर आमदार निवासात कागद घेऊन फिरणाऱ्याच्या हाती आश्वासनापलीकडे फारसे काही लागत नाही. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये आमदारांना त्यांच्या मतदारसंघातच गाठावे. सोबत दोन पानांचे टिपण, माहिती अधिकारात मिळालेले उत्तर आणि तीन मिनिटांची चित्रफीत असावी. पूर्ण चित्रपट पाहण्याचा आग्रह धरू नये. ऐन अधिवेशनात काही घडले तर लक्षवेधी सूचनेचा, म्हणजे तातडीच्या विषयाकडे मंत्र्यांचे लक्ष वेधण्याचा, मार्ग असतो. त्यासाठीही तेच टिपण तयार हवे.

*इशारा :* ज्या कार्यालयाकडे मागणी करायची आहे त्याच्याकडूनच चित्रपटासाठी पैसे घेतले असतील, तर ते टिपणाच्या पहिल्या पानावर लिहा. नंतर दुसऱ्या कोणी ते उघड केले तर मागणी मागे पडते.

संस्था काढण्याची घाईही करू नये. १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखाली निदान सात सदस्य लागतात, १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्यानुसार दरवर्षी हिशेब सादर करावे लागतात, आणि परदेशी देणगी घ्यायची तर परकीय अंशदान कायद्याखाली वेगळी नोंदणी लागते. पहिल्या मागणीसाठी तीन-चार जणांचा गट आणि एक नोंदवही पुरते. वहीत प्रत्येक अर्जाची तारीख, आवक क्रमांक आणि पुढची तारीख लिहावी. पोच घेतल्याशिवाय कोणत्याही कार्यालयातून बाहेर पडू नये, आणि त्या पोचेची एक झेरॉक्स ज्या कलावंताच्या नावाने अर्ज आहे त्याच्या घरी त्याच आठवड्यात पोहोचवावी.